बाबांचा गोरा

कॉलेजच्या पहिल्या वर्षी वार्षिक अंकात माझा एक लेख छापून आला. लग्नपत्रिका सोडल्या तर आमच्या घरातल्या कुणाचं नाव छापून येण्याची ती पहिलीच वेळ. लेखाच्या डोक्यावर लहान अक्षरांत 'कल्पनाकथा' असं छापलं होतं. तो शब्द मी लिहिला नव्हता, पण तो तिथे आला माझ्यामुळेच. आता मी शेवटच्या वर्षाला आहे. त्या एका शब्दामुळे आमच्या घरात काय झालं ते जसं आठवतं तसं लिहितो आहे.

लेखातली हकीकत माझ्या आजोबांकडून आलेली होती. आम्ही त्यांना बाबा म्हणतो. पण लेख त्यांच्याविषयी नव्हता. ते ज्याच्याविषयी बोलायचे त्या माणसाविषयी होता. तो ऑस्ट्रेलियाचा शिपाई होता आणि लढाईआधी त्याच्या गावात फुटबॉल खेळायचा. त्याचं नाव बाबांना कधी नीट उच्चारता आलं नाही. ते त्याला 'मना गोरा' म्हणायचे. म्हणजे माझा गोरा.

आम्ही डिंडोलीत राहतो. दोन खोल्या, पुढे हातभर ओटा. आप्पा, म्हणजे माझे वडील, धुळ्याकडच्या गावातून पावरलूमवर काम करायला सुरतेला आले आणि इथलेच झाले. आई घरी साड्यांना लेस लावते. आजी गेल्यावर बाबाही आमच्याकडे आले. आईने लेस लावलेल्या साडीची घडी घालायचं काम त्यांनी आपणहून घेतलं. ते घडी अशी घालत की चारही कोपरे एकावर एक बसत, आणि मग तळहाताने दाबून म्हणत, "मिल्ट्रीनी घडी." साड्या न्यायला येणारा माणूस आमच्या घरचं बंडल घडीवरूनच ओळखायचा.

दुसऱ्या महायुद्धात बाबा लष्करात सामानाच्या गाड्यांवर होते. तरुणपणी भरती झाले आणि जहाजातून थेट वाळवंटात गेले. बंदुकीपेक्षा त्यांनी पाण्याची पिंपंच जास्त उचलली, हे ते स्वतःच सांगायचे. लढाईच्या शौर्याची एकही गोष्ट त्यांनी आम्हाला सांगितली नाही. सांगितली ती गोऱ्याची.

संध्याकाळी ते कोपऱ्यावरच्या पानाच्या गल्ल्यावर, म्हणजे टपरीवर, जाऊन बसायचे. तिथे समोरच्या घरातले मास्तर असायचे. मास्तर शाळेचे नव्हेत. कारखान्यातले माग बिघडले की ते दुरुस्त करायचे, म्हणून मास्तर. तेही आमच्या खानदेशातलेच, पण सुरतेत जन्मल्यामुळे बोलणं सगळं मिसळलेलं. बाबा दिसले की ते सुरू व्हायचे.

"बाबा, आज किती गोल मारले तुमच्या गोऱ्याने?"

"गोल नही रे. त्यास्ना खेयमा खांब ऱ्हातस. चार खांब. दोन उच्चा, दोन बुटका."

"चार खांब! मॅच होती का लग्नाचा मांडव?"

"आनि चेंडू नारयनागत. दोन्ही बाजूले टोक."

"नारळ? मग जिंकल्यावर फोडून प्रसाद वाटत असतील."

"हातमा लिसन फेकाले मनाई. मूठ मारीसन द्यानं. आनि एक जन दुसरान्या खांदावर गुडघा ठेवीसन वर चढस, वरच चेंडू धरस."

"अरे बाबा, ही तर दहीहंडी झाली!"

सगळा गल्ला हसायचा. गल्लेवाला गुजराती होता. तो पान लावता लावता विचारायचा, "दादा, पाछा ऑस्ट्रेलिया जई आव्या के?" बाबाही हसायचे. "हासा, हासा. पन मी खेयनू तठे," म्हणायचे.

हसणाऱ्यांत मीही असायचो. मोठ्याने नाही, पण हसायचो. फुटबॉल गोल असतो, अकरा माणसं असतात, जाळी असते, एवढं मलाही ठाऊक होतं. बाबा दुसराच कुठला खेळ आणि स्वप्नातलं काही एकत्र करत असतील, असं मला वाटायचं.

गोऱ्याची हकीकत मात्र मला आवडायची. घरी साड्यांच्या घड्या घालताना ते ती सांगायचे. छावणीत पाणी घेऊन गेले असताना त्यांना काही गोरे शिपाई एका फाटक्या चामड्याच्या चेंडूभोवती तोंड पाडून बसलेले दिसले. शिवण उसवली होती. बाबांच्या गाडीत ताडपत्री शिवायचं दाभण आणि मेणाचा दोरा असायचा. त्यांनी काही न बोलता चेंडू हातात घेतला आणि सावलीत बसून शिवून दिला. त्यांच्यातला सगळ्यात उंच शिपाई तेवढा वेळ शेजारी उकिडवा बसून शिवण बघत राहिला. नाक मोडून पुन्हा बसलेलं, कान उन्हाने सोललेले. तोच मग बाबांचा गोरा झाला.

बाबांना इंग्रजी येत होतं ते वॉटर, पेट्रोल, स्टॉप इतपत. गोऱ्याला हिंदुस्थानी त्याहून कमी. छावणीत एक मद्रासकडचा कारकून होता, तो मोकळा असला की दोघांच्या मध्ये बसायचा. त्याच्याकडून बाबांना कळलं की गोरा गावी लाकडाच्या वखारीत काम करायचा. शनिवारी दुपारी वखार बंद झाली की खेळायचा. हजारो माणसं बघायला यायची, ट्रामला लटकून यायची. बायकाही यायच्या आणि पुरुषांपेक्षा मोठ्याने ओरडायच्या. त्याची आई कधी आली नाही. मुलाला लागलेलं बघवत नाही म्हणायची, पण खेळाची चड्डी तीच धुवायची आणि चिखलावरून आज किती वेळा पडला ते ओळखायची. मोठ्या संघातून तो दीडच मोसम खेळला. मग लढाई लागली. वय जेव्हा खरं खेळायचं होतं तेव्हा तो वाळवंटात खड्डे खणत होता.

"तो रडे नही," बाबा म्हणायचे. "पन शनिवार उना का गप ऱ्हाये."

एका शनिवारी छावणीत सामना ठरला. वाळूत दगड मांडून लांबट वर्तुळाचं मैदान आखलं, तंबूचे खांब रोवले. एका बाजूला एक माणूस कमी पडला. गोऱ्याने बाबांकडे बोट दाखवलं. बाबा गावात हुतुतूचे पट्टीचे गडी होते, त्यांना वाटलं धावायचं आणि धरायचं, एवढंच तर आहे.

आणि तिथेच त्यांनी एक चूक केली. चेंडू घेऊन एक गडी पळत आला. बाबांनी सूर मारून त्याचा घोटा धरला. तो आपटला. शिट्टी झाली, सगळे ओरडायला लागले, पण बाबा काही सोडेनात. हुतुतूत पकड धरली की समोरच्याचा दम तुटेपर्यंत सोडायची नसते. बाबा त्या माणसाचा दम तुटायची वाट बघत बसले. तो बिचारा घोटा सोडवत होता, शिव्या देत होता, आणि जितका तो ओरडे तितकं बाबांना वाटे की याचा दम अजून आहे. शेवटी गोऱ्याने येऊन बाबांची बोटं एक एक करून उघडली. त्यांच्या खेळात गुडघ्याच्या खाली धरायलाच बंदी होती. गोरा हसून हसून वाळूत बसला. पुढे महिनाभर बाबा लांबून दिसले की तो वाकून स्वतःचाच घोटा धरायचा.

मग एक दिवस त्यांची पलटण जहाजावर चढली. कुठे गेली, कुणी सांगितलं नाही. गोरा जिवंत राहिला का, पुन्हा कधी खेळला का, बाबांना कळलं नाही.

हे सगळं मी लिहून काढलं. अंकात मराठी विभागाला चार-पाच पानं असायची. मराठीचे सर फार चांगले. आमच्या भागातून आलेल्या मुलांना ते मुद्दाम लिहायला सांगायचे. त्यांनी मला स्टाफरूममध्ये बोलावलं. माझे कागद त्यांच्या हातात होते. शेजारी आणखी दोन प्राध्यापक बसले होते.

"हे खरं आहे का रे?" सरांनी विचारलं. साधंच विचारलं, त्यात संशय नव्हता.

मला एकदम गल्ल्यावरचं हसणं ऐकू आलं. नारळासारखा चेंडू, चार खांब, खांद्यावर चढणारी माणसं. हे खरं म्हणून सांगितलं आणि त्या दोघांपैकी कुणी हसलं तर? स्टाफरूममध्ये मी तोवर कधी पाऊल टाकलं नव्हतं. चपला बाहेर काढायच्या की नाहीत, इथपासून मला प्रश्न पडला होता.

"नाही सर," मी म्हणालो. "कल्पना आहे."

"सगळी?"

"हो सर."

"अरे वा! मग तर फारच छान. घोटा धरण्याचा प्रसंग तर कमाल आहे. कसं सुचलं तुला?"

मी मान खाली घातली. सरांना तो विनय वाटला. वर्गातही त्यांनी माझ्या कल्पनाशक्तीचं कौतुक केलं. मला ते कौतुक आवडलं, हे लिहायला लाज वाटते, पण आवडलं.

अंक आला. आप्पांनी तो कारखान्यात नेऊन सगळ्यांना दाखवला. परत आणला तेव्हा मुखपृष्ठावर तेलाचं बोट उमटलं होतं. बाबांनी मला ओट्यावर बसवलं. "वाच," म्हणाले. मी वाचलं. डोक्यावरचा शब्द सोडून वाचलं. ते मान हलवत ऐकत होते. मध्ये एकदा "कारकून मद्रासना, बराबर," म्हणाले. संपल्यावर त्यांनी अंक हातात घेऊन पानावरून तळहात फिरवला, साडीवर फिरवत तसा.

माझी बहीण तेव्हा आठवीत होती. तिने मागून डोकावून विचारलं, "दादा, वर कल्पनाकथा का लिहिलंय?"

मी अंक घ्यायला हात पुढे केला.

"कल्पनाकथा म्हंजे?" बाबांनी तिला विचारलं.

"म्हणजे खरी नसते ती. मनाने बनवलेली."

बाबांनी माझ्याकडे पाहिलं. रागावले असते तर बरं झालं असतं. त्यांनी फक्त विचारलं, "म्हंजे तो गोरा व्हताच नही, असं लिखं का तू?"

मी म्हणालो की ते छापणाऱ्यांनी टाकलं असेल. आणखी एक खोटं. बाबा "बरं" म्हणाले आणि अंक आईच्या साड्यांच्या गठ्ठ्यावर ठेवून आत गेले.

त्यानंतर त्यांनी गोऱ्याचं नाव काढणं बंद केलं. गल्ल्यावर जायचे, पण लवकर परत यायचे. मास्तरांनी छेडलं तरी "सोड रे," एवढंच म्हणायचे. मास्तर मला विचारायला लागले, "बाबांना बरं नाही का?" आपल्याला कुणी खोटं म्हटलं याचं बाबांना काही नव्हतं. ते तर वर्षानुवर्षं गल्ल्यावर हसत ऐकत आले होते. पण ज्या माणसाचं पुढे काय झालं कुणालाच माहीत नाही, तो आमच्या घरात तरी होता, आणि त्यालाच मी शिकून सवरून पुसून टाकलं होतं. हे मला समजत होतं. तरी खरं सांगायला तोंड उघडत नव्हतं.

असे दोन-तीन महिने गेले. मास्तरांनी घरी केबल घेतली. एका सुट्टीच्या दुपारी ते बनियनवरच रस्ता ओलांडून आमच्या ओट्यावर आले.

"बाबा, चला! लवकर चला! टीव्हीवर चार खांब लागलेत!"

बाबा साडीची घडी घालत होते. "माले नही येनं."

"शपथ सांगतो बाबा. दोन उंच, दोन बुटके. मी मोजले."

"ते माले माहीत शे. माले काय दखाडस?"

बाबांचं ते बोलणं मला एकदम लागलं. मी बाबांजवळ जाऊन बसलो. "बाबा, मला तो खेळ कळत नाही. तुम्ही सांगाल का?"

त्यांनी घडी पुरी केली, दाबली, आणि उठले.

मास्तरांच्या खोलीत आठ-दहा जण जमले होते. बाबांच्या दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू होता आणि केबलचं चित्रही हलत होतं. ते पडद्यापासून हातभर अंतरावर बसले. "माले नुसतं पांढरं पांढरं दखास. तू सांग."

मी सांगायला लागलो. "एकाने चेंडू उचलला. पळतोय."

"आते चेंडू भुईवर आपटी. तसाच लांब पयता येत नही."

खेळाडूने चेंडू जमिनीवर आपटला आणि पुन्हा धरला.

"लांब लाथ मारली बाबा. दुसऱ्याने उडी मारून धरला. अहो, खांद्यावरच चढला!"

"आते समदा थांबतीन. त्याले कोनी हात लावाव नही."

सगळे थांबले. मास्तरांची बायको चहा घेऊन आली होती, ती बशी धरून दारातच उभी राहिली. "मग, बाबा? आता?" मास्तरांनी विचारलं. त्या आवाजात चेष्टा नव्हती.

"आते तो मांगे सरकी. दम ली. मंग मारी."

खेळाडू मागे सरकला, थांबला आणि त्याने चेंडू मारला. तो उंच खांबांच्या मधून गेला. लोक टाळ्या वाजवायला लागले, मास्तरांच्या खोलीतलेही. बाबा मात्र माझा दंड धरून पुढे झुकले.

"खांबजोडे कोनी उभा शे का? पांढरा कोटवाला? डाक्टरनागत?"

मी पाहिलं. खरंच, दोन उंच खांबांच्या मध्ये डोक्यावर टोपी आणि अंगात लांब पांढरा कोट घातलेला एक माणूस होता. त्याने दोन्ही हातांची बोटं पुढे केली आणि मग झेंडे हलवले. मी बाबांना तसं सांगितलं.

बाबांनी माझा दंड सोडला. मग हळूच म्हणाले, "शे का खरंच? कोटवाला शे?"

घरी आल्यावर त्यांनी मला सांगितलं. गोरा त्यांना एकदा म्हणाला होता की आमच्याकडे मैदानावर खांबांपाशी डॉक्टरसारखा कोट घालून माणूस उभा असतो आणि चेंडू आत गेला की झेंडे दाखवतो. छावणीतल्या सामन्यात असला कुणी नव्हता. बाबांना वाटलं, हा अडाणी गाडीवाल्याची मजा करतो आहे. म्हणून एवढ्या वर्षांत ही एक गोष्ट त्यांनी कुणालाच सांगितली नव्हती. गल्ल्यावरही नाही, आम्हालाही नाही.

"पन्नास वरीस माले वाटे, तो मनी मस्करी करी राहिंता," ते म्हणाले. "तो खरं बोले रे."

तेव्हा मी त्यांना सांगितलं. सरांनी विचारलं होतं, आणि कल्पना आहे असं मीच म्हणालो होतो. छापणाऱ्यांनी काही केलं नव्हतं. सांगताना मी त्यांच्याकडे बघू शकलो नाही, साडीच्या लेसकडे बघत होतो.

"भेव वाटना का तुले?"

"हो, बाबा."

"हासतीन म्हनीसन?"

"हो."

"माले बी तेच भेव. कोटवालं मी बी गियी टाकं ना," असं म्हणून त्यांनी गिळल्यासारखं केलं आणि माझ्या पाठीवर थाप मारली. जोरात मारली. पंचाहत्तरीतही हुतुतूवाल्याचा हात होता.

दुसऱ्या दिवशी मी स्टाफरूममध्ये गेलो. सरांनी सगळं ऐकून घेतलं. चष्मा काढला, पुसला. "मी पुन्हा एकदा विचारायला हवं होतं," ते म्हणाले. "मला कथा आवडली आणि मी थांबलो." मग म्हणाले की पुढच्या अंकात चार ओळींची जागा देतो, खुलासा लिहून आण.

चार ओळींत काय लिहायचं, हे मी बाबांनाच विचारलं. ते ओट्यावर बसले होते, मी वही घेऊन पायरीवर.

"लिख, तो व्हता."

मी लिहिलं. "पुढे?"

"वखारमा काम करे. खेयाले चांगला व्हता."

"पुढे?"

रस्त्यावरून सूत लादलेला टेम्पो गेला.

"जीवता शे का नही, माहीत नही."

मी म्हणालो, "बाबा, हे नको लिहायला. लोक म्हणतील, मग यांना माहीत तरी काय आहे?"

"जे माहीत नही ते माहीत नही, असंच लिख," ते म्हणाले. "नहीतर बाकीनं बी कोनी खरं मानाव नही."

मी तसंच लिहिलं.